रस एक, कढया दोन: आयोवातला लपथपीत खिमा-बन

गेल्या आठवड्याच्या भागानंतर बऱ्याच जणांनी मेसेज केले, की बसमध्ये ऐकताना मापं निसटली, परत सांग. म्हणून हा भाग लिहून काढलाय. बोलले तसंच ठेवलंय, फक्त अधूनमधून येणारे ‘म्हणजे म्हणजे’ काढलेत.

एक गोष्ट आधीच सांगते. आज बीफबद्दल बोलणार आहे. ज्यांना खायचं नाही त्यांनी खायचं नाही, विषय संपला. पण भाग सोडून जाऊ नका, कारण हाच रस चिकन, मटण आणि सोयाच्या दाण्यांनाही चालतो. कसा, ते सांगतेच.

मी राहते आयोवात. अमेरिकेच्या नकाशात मधोमध बोट ठेवलंत तर साधारण तिथेच. नजर जाईल तिथपर्यंत मका, आणि माणसांपेक्षा डुकरं कितीतरी जास्त. फ्लॅटमध्ये आम्ही चौघी. मी लातूरकडची. एक कोल्हापूरची, तांबडा-पांढऱ्यावर वाढलेली, पण बीफ खात नाही. एक हैदराबादची, तिला हलालच लागतं. आणि चौथी इथलीच, आयोवाच्या एका गावातली. तिच्यामुळे मला ‘स्लॉपी जो’ कळला.

स्लॉपी म्हणजे गबाळा. हा गबाळा जो म्हणजे काय, तर बीफचा खिमा, त्यात टोमॅटोचा आंबटगोड रस, आणि ते सगळं गोल मऊ बनमध्ये. खाताना दोन्ही बाजूंनी ओघळतं, म्हणून गबाळा. इथल्या शाळांच्या कँटीनमध्ये हे मिळायचं, त्यामुळे इथल्या लोकांना त्याची आठवण शाळेच्या डब्यासारखी असते. १९६९ साली ‘मॅनविच’ नावाचा तयार रसाचा डबा बाजारात आला. खिमा परतायचा, डबा ओतायचा, झालं. माझ्या रूममेटच्या घरी अजून तेच करतात.

आता हा जो कोण, यावर भांडणं आहेत. आयोवावाले सांगतात, आमच्या सू सिटीमधल्या जो नावाच्या आचाऱ्यानं सुट्या खिम्याच्या सँडविचमध्ये टोमॅटोचा रस घातला आणि त्याचंच नाव पडलं. रस नसलेलं, नुसत्या सुट्या खिम्याचं सँडविच इथे आधीपासून आहेच. ‘मेड-राइट’ नावाची त्याची दुकानं १९२६ मध्ये इथल्याच मस्कटीन गावात सुरू झाली. दुसरीकडे हवाना आणि की वेस्टमध्ये ‘स्लॉपी जोज’ नावाचे जुने बार आहेत, ते म्हणतात नाव आमचं. मला विचाराल तर आयोवावर माझा थोडा पक्षपात आहे. आणि हो, न्यू जर्सीत राहणाऱ्यांनो, तुमच्याकडे डेलीत जाऊन ‘स्लॉपी जो’ मागितलात तर भलतंच हातात येऊ शकतं. तिथे त्या नावानं तीन थरांचं थंड सँडविच मिळतं, मांसाचे पातळ काप आणि कोबीची कोशिंबीर घातलेलं. खिम्याचा पत्ता नाही!

तर पहिल्यांदा खाल्ला तेव्हा मनात आलं ते हेच, की अरे, हा तर खिमा-पाव. मुंबईतल्या इराण्याकडे सकाळी मिळतो तो. खिमा हा शब्द तुर्की ‘कियमा’चा नातेवाईक, पाव पोर्तुगीजांच्या ‘पाओ’वरून आलेला, आणि दोघांची गाठ आपल्याकडे पडली. पण दोन्हीत एक मोठा फरक आहे, आणि रेसिपीतली खरी गोम तिथेच आहे. खिमा-पावात आपण पाव तोडून खिम्यात बुडवतो. त्यामुळे खिमा पातळ असला, वर तर्री असली, तरी चालतं. स्लॉपी जोमध्ये खिमा बनच्या पोटात जातो. पातळ असला तर बनचा चिखल. कोरडा असला तर चावता चावता दाणे मांडीवर.

आपल्याकडे यासाठी नेमका शब्द आहे. लपथपीत. रस्सा नाही, सुकंही नाही. प्रत्येक दाण्याला रस चिकटलेला पाहिजे, पण ताटात ओहोळ यायला नको. इंग्रजीत हे सांगायला माझ्या रूममेटला मला पूर्ण दोन मिनिटं लागली.

लपथपीत करायचं कसं? अमेरिकन लोक केचप आणि ब्राउन शुगर घालून आटवतात. त्यानं दाटपणा येतो, पण फार गोड होतं, अगदी जॅमच्या दिशेनं जातं. मी त्यात येसर घालते. मराठवाड्याबाहेरच्यांसाठी सांगते. येसर म्हणजे भाजलेली धान्यं, डाळ आणि मसाले एकत्र दळून केलेलं पीठ. आमच्याकडे लग्नात येसरची आमटी असतेच. पाण्यात कालवून उकळत्या आमटीत सोडलं की आमटी दाटही होते आणि खमंगही. आई दर वर्षी डबा भरून देते. येसर नसेल तर दोन मोठे चमचे बेसन कोरडंच मंद आचेवर बदामी होईपर्यंत भाजा आणि त्यात काळा किंवा गोडा मसाला जरा जास्त घाला. येसरची सर येणार नाही, पण काम भागेल.

आता ‘रस एक, कढया दोन’ म्हणजे काय ते. खरी पद्धत अशी की आधी खिमा परतायचा, मग त्याच चरबीत कांदा, मग मसाला, मग टोमॅटो. चवीला तीच उत्तम. पण मग ती कढई बीफची झाली. कोल्हापूरकरीण जेवणार कशी? म्हणून आमच्याकडे उलटं करतो. रस आधी, वेगळ्या पातेल्यात, त्यात कुठलंच मांस नाही. मग बीफ एका कढईत, चिकन दुसऱ्या. दोन्ही परतून झाली की रस अर्धा-अर्धा. कालथे दोन, बीफच्या कालथ्याला लाल रबरबँड. चवीत किंचित उणं पडतं, मान्य. चौघी एका वेळी, एका टेबलावर जेवतो. मला हा सौदा परवडतो.

मापं लिहून घ्या. एक पौंड बीफ आणि एक पौंड चिकन, म्हणजे प्रत्येकी साधारण ४५० ग्रॅम. एवढ्यात दहा-बारा बन होतात.

रसासाठी तीन मध्यम कांदे अगदी बारीक चिरायचे, एक ढोबळी मिरची तशीच बारीक. ढोबळी मिरची ही मूळ अमेरिकन रेसिपीतली आहे, ती काढू नका, तिच्या वासाशिवाय तो नुसता खिमा होतो. तीन मोठे चमचे तेल तापवून कांदा चांगला तांबूस करा. घाई नको, बारा-पंधरा मिनिटं द्या. मग ढोबळी मिरची, तीन हिरव्या मिरच्या, दोन मोठे चमचे आलं-लसणाची पेस्ट. कच्चा वास गेला की अर्धा छोटा चमचा हळद, दोन छोटे चमचे तिखट, एक मोठा चमचा धणे-जिरे पूड, दोन छोटे चमचे काळा मसाला. मसाला तेलात अर्धा मिनिटच परता, आणि करपायच्या आत टोमॅटो पेस्टचा एक छोटा डबा घाला, १७० ग्रॅमचा मिळतो तो. पेस्टचा रंग लाल वरून विटकरी होईपर्यंत परतायची. टोमॅटोचा डब्याचा वास जातो तो इथेच.

मग अर्धा कप केचप. नाकं मुरडू नका! केचपमध्ये साखर, व्हिनेगर, मीठ सगळं आहे, आणि त्याच्याशिवाय ‘जो’ची ओळख पटत नाही. त्यात दीड कप पाणी आणि दोन छोटे चमचे चिंचेचा घट्ट अर्क. चिंच का, तर अमेरिकन लोक इथे वूस्टरशर सॉस घालतात, आणि त्या सॉसमध्ये चिंच असतेच. ली अँड पेरिन्सनं १८३७ पासून विकायला घेतलेला तो सॉस. त्यात अँकोव्ही नावाचे बारीक मासेही असतात, म्हणून शाकाहारी लोकांसाठी तो चालत नाही. आपण सरळ चिंचच घालू. शेवटी दोन मोठे चमचे येसर अर्धा कप गार पाण्यात गुठळी न होऊ देता कालवून सोडा आणि मंद आचेवर दहा मिनिटं शिजू द्या. पातळसर पिठल्याइतका दाट झाला की बस. चाखून बघा. आंबट जास्त वाटला तर चमचाभर गूळ. मीठ मात्र आत्ता घालू नका. केचपमध्ये आहे, येसरमध्येही असू शकतं, आणि पुढे अजून आटायचंय.

आता बीफ. इथे पाकिटावर ८०/२०, ८५/१५, ९३/७ असे आकडे असतात. पहिला मांसाचा, दुसरा चरबीचा. या पदार्थाला ८५/१५ घ्या. ९३/७ आरोग्याला बरं वाटतं, पण खिमा भुश्यासारखा लागतो. कढई पसरट हवी आणि सणसणीत तापलेली. खिमा घालून पसरा, आणि तीन-चार मिनिटं हात लावू नका. सतत ढवळलं की मांसाला पाणी सुटतं आणि ते त्यातच उकडतं. राखाडी रंग येतो, चव येत नाही. खालून तपकिरी झाला की उलटा आणि पावभाजीच्या मॅशरनं मोडा. मॅशरसारखं या कामाला काही नाही, माझी आयोवावाली रूममेट आता स्वतःसाठी एक मागतेय. जास्तीची चरबी चमच्यानं काढून वाटीत ठेवा, सिंकमध्ये ओतू नका, थंडीत पाइप तुंबतो.

एक गोष्ट गंभीरपणे. बीफचा मोठा तुकडा, म्हणजे स्टेक, आतून गुलाबी ठेवून लोक खातात. खिम्याला ते चालत नाही. तुकड्यावर जंतू असतात ते बाहेरच्या पृष्ठभागावर, तव्यावर ते मरतात. खिमा करताना बाहेरचं सगळं आत मिसळलं जातं. म्हणून अमेरिकी कृषी खात्याचा नियम आहे, बीफ खिमा १६० अंश फॅरनहाइट, म्हणजे ७१ सेल्सियस, आणि चिकन खिमा १६५, म्हणजे ७४. आपण रसात शिजवतो त्यामुळे सहज गाठलं जातं, पण परतताना चव बघायला कच्चा-पक्का दाणा तोंडात टाकू नका.

चिकनचं वेगळं. त्यात चरबी कमी, म्हणून कढईत एक मोठा चमचा तेल आधी, आणि फार वेळ परतायचं नाही, कोरडं पडतं. मटणाचा खिमा असेल तर रसात पंचवीस-तीस मिनिटं झाकून शिजवा, लागेल तसं गरम पाणी घाला. सोयाचे दाणे एक कप घेतले तर गरम पाण्यात दहा मिनिटं भिजवून, दोन-तीन पाण्यांतून पिळून काढा. पिळण्यात कसूर केलीत तर तो वास रसात उतरतो.

अर्धा-अर्धा रस दोन्ही कढयांत गेला की मंद आच, आठ-दहा मिनिटं. झालं कधी समजायचं? कालथ्यानं कढईच्या तळाशी एक रेघ ओढा. रेघ दोन सेकंद तशीच राहिली आणि मग हळूच मिटली, तर लपथपीत. लगेच मिटली तर अजून आटवा. मिटलीच नाही तर दोन चमचे पाणी. आता मीठ, आणि वरून कोथिंबीर.

बन मधून कापून, बटर लावून, कापलेली बाजू तव्यावर खरपूस भाजायचीच. बटरचा आणि भाजलेल्या कडेचा एक पापुद्रा तयार होतो, तो रस आत शिरू देत नाही. इंडियन स्टोअरमध्ये लादी पाव मिळाला तर उत्तम. आत बारीक चिरलेला कच्चा कांदा आणि लिंबाचे दोन थेंब. इथले लोक चीजची चकती ठेवतात, मला ते येसरवर अन्याय वाटतो.

महाराष्ट्रात बसून ऐकणाऱ्यांसाठी कायद्याचं सांगायला हवं. आपल्याकडे गायीच्या कत्तलीवर १९७६ च्या कायद्यानं बंदी होती. विधिमंडळानं १९९५ मध्ये मंजूर केलेल्या दुरुस्तीला २०१५ मध्ये राष्ट्रपतींची संमती मिळाली आणि बंदीत बैल आणि वळूही आले. म्हैस त्यात येत नाही. त्यामुळे राज्यात कायदेशीरपणे कापलं जाणारं ‘बीफ’ म्हणजे म्हशीचं. ते जास्त चिवट असतं, चरबी कमी असते. परतून झाल्यावर थोड्या पाण्यात कुकरला दोन-तीन शिट्ट्या काढा आणि मग रसात घाला.

आमच्या घरात याला बीफ कोणी म्हणत नसे. ‘मोठ्याचं’ म्हणायचे, तेही आवाज उतरवून. आजी त्याच्या लांब पट्ट्या कापून, मीठ लावून, उन्हात वाळवायची. त्या चान्या. डब्यात भरून ठेवायच्या, पावसाळ्यात निखाऱ्यावर भाजायच्या किंवा आमटीत टाकायच्या. २०१५ नंतर गावातला खाटीक दुसऱ्या धंद्याला लागला आणि आजीच्या वाळवणातून चान्या गेल्या. हे सगळं पुस्तकात छापलं जाऊ शकतं असं मला कॉलेजात गेल्यावर कळलं, शाहू पाटोळे यांचं ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ हाती लागलं तेव्हा. मराठवाड्यातल्या दलित घरांतलं खाणं त्यात आहे, चान्यांसकट. आता त्याचा इंग्रजी अनुवादही निघालाय, तो मी आमच्या आयोवावालीला वाचायला दिला.

हे का सांगतेय? मागच्या उन्हाळ्यात आमच्याकडच्या मराठी लोकांची एक सहल होती, प्रत्येकानं एकेक पदार्थ आणायचा. मी दोन डबे नेले, दोन्हींवर मोठ्या अक्षरांत चिठ्ठ्या. चिकन. बीफ. खाणं-न खाणं ज्याच्या त्याच्या हातात. एक काका आले, चिठ्ठी वाचली, डबा उघडून बघितलाही नाही, आणि मला हसून विचारलं, ‘आडनाव काय म्हणालात आपलं?’

मी आडनाव सांगितलं. ते ‘अच्छा, अच्छा’ म्हणाले आणि पुढच्या टेबलाकडे गेले. चिकनलाही हात लावला नाही. त्यांना बीफ नको होतं, याचं मला काहीच वाटलं नाही. माझी कोल्हापूरची मैत्रीणही खात नाही. ती रोज त्या लाल रबरबँडच्या शेजारी उभी राहून स्वयंपाक करते आणि म्हणते, ‘खाणार नाही, पण वास लई भारी यायलाय.’ तिनं मला कधी आडनावावरून काही विचारलेलं नाही. त्या दिवशी काका गेल्यावर तिनं चिकनचा बन उचलला आणि माझ्याशेजारी बसून खाल्ला. हैदराबादवालीनं बीफचे दोन संपवले. मांस तिच्याच दुकानातून आणलेलं होतं, हलाल.

पुष्कळ जणांनी मला नंतर सुचवलं, की अशा ठिकाणी बीफ नेऊच नये, किंवा नेलं तर चिठ्ठी लावू नये. पहिल्या सूचनेवर वाद होऊ शकतो, मी ऐकून घेईन. दुसरी मात्र साफ चुकीची आहे. न सांगता कुणाच्या ताटात वाढणं ही फसवणूक आहे, मग ते बीफ असो, वूस्टरशरमधले मासे असोत, नाहीतर शेंगदाण्याचं कूट. मी चिठ्ठी लावणार. आणि आवाज न उतरवता वाचूनही दाखवणार.

उरलेल्याचं काय करायचं, हा प्रश्न सगळ्यात जास्त आलाय. दोन्ही खिमे वेगळ्या डब्यांत, नाव लिहून, दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. तीन-चार दिवस चांगले राहतात, दुसऱ्या दिवशी तर जास्तच मुरतात. येसरमुळे गार झाल्यावर गच्च होतात, तेव्हा गरम करताना दोन चमचे पाणी घाला. फ्रीझरमध्ये टाकायचं असेल तर सपाट पिशवीत भरा, लवकर सुटतं. बन संपले असतील तर ज्वारीच्या भाकरीबरोबर खा. इथे इंडियन स्टोअरमध्ये ज्वारीचं पीठ मिळतं, फक्त जरा जुनं असतं, त्यामुळे भाकरी थापताना चिरते. पाणी उकळतं घ्या आणि उकड काढून मळा, मग थापली जाते.

पुढच्या भागात त्याच पिठावर बोलू. तोवर तुमचे लपथपीत फोटो पाठवा, आणि डब्यावरची चिठ्ठीही फोटोत दिसू दे.